लोककल्याणाचा खर्च कोणीं सोसावा?

सरकारची एखादी योजना जाहीर झाली म्हणजे ती चांगली कीं वाईट, तिचा लाभ कोणाला मिळणार आणि कोणाला नाहीं, याविषयीं चावडीपासून विधिमंडळापर्यंत पुष्कळ चर्चा होते. परंतु त्या योजनेचा रुपया कोणत्या तिजोरींतून निघणार, तो कोणत्या कराच्या रूपानें त्या तिजोरींत येणार आणि गरज अकस्मात् वाढली तर वरचा बोजा कोणाच्या माथीं बसणार, हे तीन प्रश्न क्वचितच विचारले जातात. ते हिशेबनिसांचे प्रश्न आहेत, सामान्य माणसाला त्यांच्याशीं काय कर्तव्य, असा एक समज आहे. वस्तुतः दुष्काळांत खडी फोडणाऱ्या मजुराला आठवड्याची मजुरी वेळेवर मिळते कीं तिच्यासाठीं महिनोन् महिने थांबावें लागतें, निराधार वृद्धेच्या हातीं पडणाऱ्या रकमेंत महिन्याचें धान्य येतें कीं आठवड्याचें, हें पुष्कळ अंशीं या तीन प्रश्नांच्या उत्तरांवरच ठरतें.

भारत हें संघराज्य आहे, याचा व्यवहारांतला अर्थ असा कीं, एकाच नागरिकावर दोन सरकारांचा अधिकार चालतो आणि तो नागरिक दोन तिजोऱ्यांत भर घालतो. घटनेच्या सातव्या अनुसूचींत कामांची व करांची वांटणी करून दिलेली आहे. संरक्षण, परराष्ट्रव्यवहार, रेल्वे, टपाल हीं कामें केंद्राकडे आहेत; सार्वजनिक आरोग्य, शेती, पाणीपुरवठा, काम करण्यास असमर्थ असलेल्यांचें साहाय्य हीं राज्यांकडे आहेत. शिक्षण हा विषय प्रथम राज्यांचा होता. १९७६ सालच्या ४२ व्या घटनादुरुस्तीनें तो सामायिक यादींत गेला. रोजगार आणि सामाजिक सुरक्षा हे विषय आरंभापासूनच सामायिक आहेत. करांकडे पाहिलें तर प्राप्तिकर, कंपन्यांवरील कर आणि सीमाशुल्क हे भरघोस व वाढते कर केंद्राच्या हातीं आहेत. जमीनमहसूल, मुद्रांकशुल्क, मद्यावरील अबकारी, वाहनकर हे राज्यांचे आहेत. विक्रीकर हा राज्यांचा मोठा आधार होता. १ जुलै २०१७ पासून त्याचा बहुतेक भाग वस्तु व सेवा करांत विलीन झाला, आणि त्या कराचे दर केंद्र व राज्यें यांच्या एकत्र परिषदेंत ठरूं लागले.

या वांटणींत एक विषमता आहे; मात्र ती कोणाच्या लबाडीनें आलेली नाहीं. एखाद्या कंपनीची कचेरी मुंबईस असते, कारखाना छत्तीसगडांत असतो आणि माल देशभर खपतो. तिच्या नफ्यावरील कर कोणत्या राज्याचा म्हणावा? शिवाय प्रत्येक राज्यानें प्राप्तिकराचे दर वेगळे ठेवले तर धनिक मनुष्य जेथें दर कमी तेथें बिऱ्हाड हलवील. म्हणून असे कर केंद्रानेंच घ्यावे, हें शहाणपणाचें आहे. उलट शाळा, दवाखाना, पाझर तलाव, निराधारांची यादी हीं कामें गांवाजवळ बसूनच नीट होतात. दिल्लींत बसून होत नाहींत. परिणाम असा कीं, वाढतें उत्पन्न वर जमतें आणि वाढता खर्च खालीं होतो. एकत्र कुटुंबांत थोरला भाऊ शहरांत पगार मिळवितो आणि धाकटा गांवीं राहून म्हाताऱ्यांची, मुलांची व शेतीची उस्तवार करतो, तशांतलाच हा प्रकार आहे. अशा घराचें स्वास्थ्य मनिऑर्डरीवर अवलंबून असतें. ती हक्काची आहे कीं मर्जीची, ठराविक रकमेची आहे कीं गरजेप्रमाणें वाढणारी, आणि तिच्याबरोबर येणाऱ्या पत्रांत सूचना किती असतात, यांवर धाकट्याचा संसार चालतो किंवा अडतो.

हा प्रश्न स्वतंत्र भारतांत नव्यानें उद्भवलेला नाहीं. १८३३ च्या सनदी कायद्यानें कंपनी सरकारचें सर्व अर्थकारण कलकत्त्यास एकवटलें. मुंबई व मद्रास इलाख्यांतील महसूल तेथल्या अधिकाऱ्यांनीं गोळा करावा, पण नव्या खर्चास मंजुरी कलकत्त्याहून आणावी, अशी रीत पडली. काटकसर करून उरविलेला पैसा इलाख्याच्या पदरांत पडत नसे. त्यामुळें काटकसर करण्याचें कोणालाच कारण उरलें नाहीं, आणि जो अधिक ओरडे त्याला अधिक मिळूं लागलें. १८७१ सालीं लॉर्ड मेयो यांच्या राजवटींत तुरुंग, पोलीस, शिक्षण, वैद्यकीय मदत, रस्ते इत्यादि खातीं ठराविक रकमेसह प्रांतांकडे सोपविण्यांत आलीं, आणि तेथून विकेंद्रीकरणाची वाट सुरू झाली. १८३३ पासून १९२१ पर्यंतच्या या स्थित्यंतरांचा मूलगामी अभ्यास डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनीं केला. ब्रिटिश हिंदुस्थानांतील प्रांतिक अर्थव्यवस्थेवरील त्यांचा इंग्रजी ग्रंथ १९२५ सालीं प्रसिद्ध झाला. घटनेचे शिल्पकार म्हणून त्यांना सर्व ओळखतात. परंतु केंद्र व प्रांत यांच्या जमाखर्चाचा अभ्यास त्यांनीं घटनासमितीच्या कितीतरी आधीं करून ठेवला होता, हें फारसें कोणाच्या लक्षांत नसतें.

१९१९ च्या कायद्यानें प्रांतांत द्विदल राज्यपद्धति आली. शिक्षण व सार्वजनिक आरोग्य हीं खातीं कायदेमंडळाला जबाबदार असलेल्या मंत्र्यांकडे गेलीं. अर्थखातें मात्र गव्हर्नरच्या राखीव बाजूस राहिलें. शाळा काढण्याची जबाबदारी एकाकडे आणि थैलीची दोरी दुसऱ्याकडे, अशी ती व्यवस्था होती. त्याच सुमारास लॉर्ड मेस्टन यांच्या समितीनें प्रांतांनींच केंद्राला वर्षाला ९८३ लाख रुपये द्यावे असें सुचविलें. त्यांत मुंबई इलाख्याचे ५६ लाख होते. मुंबईची खरी तक्रार या ५६ लाखांची नव्हती. जमीनमहसूल प्रांतांना आणि प्राप्तिकर केंद्राला, अशी मूळ वांटणी झाल्यामुळें व्यापारउदीम असलेल्या मुंबई व बंगाल प्रांतांचें वाढतें उत्पन्न हातचें गेलें, अशी ती तक्रार होती. १९३६ सालीं सर ऑटो नीमायर यांच्या निवाड्यानें प्राप्तिकराचा अर्धा भाग कालांतरानें प्रांतांना देण्याचें ठरलें आणि त्यांत मुंबईस शेंकडा २० मिळाले. फाळणीनंतर १९५० सालीं चिंतामणराव देशमुख यांनीं नवा निवाडा दिला; त्यांत मुंबईचा वांटा शेंकडा २१ ठरला.

अशा प्रासंगिक निवाड्यांच्या जागीं घटनेनें कायमची व्यवस्था केली. कलम २८० प्रमाणें दर पांच वर्षांनीं किंवा त्यापूर्वीं राष्ट्रपति वित्त आयोग नेमतात. पहिला आयोग १९५१ सालीं क्षितीशचंद्र नियोगी यांच्या अध्यक्षतेखालीं बसला. केंद्राच्या करांतून राज्यांना किती द्यावें आणि तें राज्याराज्यांत कसें वांटावें, हीं त्याचीं मुख्य कामें. १४ व्या आयोगानें राज्यांचा भाग शेंकडा ४२ ठरविला. १५ व्यानें तो शेंकडा ४१ केला, कारण मध्यंतरीं जम्मू-काश्मीर राज्य न राहतां केंद्रशासित प्रदेश झालें होतें. १५ व्या आयोगाच्या २०२१ ते २०२६ च्या शिफारशींत राज्यांच्या एकूण वांट्यापैकीं उत्तर प्रदेशास शेंकडा सुमारें १७.९४, बिहारास १०.०६ आणि महाराष्ट्रास ६.३२ मिळाले. याचें कारण असें कीं, वांटणीच्या सूत्रांत १०० पैकीं ४५ गुण राज्याचें दरडोई उत्पन्न किती कमी आहे याला होते. येथें एक बारकावाहि ध्यानांत ठेवला पाहिजे. केंद्र जे उपकर व अधिभार बसवितें, त्यांतून राज्यांना वांटा द्यावा लागत नाहीं. म्हणून शेंकडा ४१ म्हणजे केंद्राच्या सर्व कर-उत्पन्नाचे ४१ नव्हेत.

हा झाला हक्काचा वांटा. तो कसा खर्चावा हें राज्य ठरवितें. दुसरा प्रवाह अनुदानांचा. घटनेच्या कलम २८२ प्रमाणें कोणत्याहि सार्वजनिक कार्यासाठीं केंद्राला अनुदान देतां येतें, मग तें कार्य राज्याच्या यादींतलें कां असेना. केंद्रपुरस्कृत योजना या वाटेनें आल्या. त्यांत केंद्र कांहीं भाग देतें, उरलेला राज्यानें घालावा लागतो, आणि नियम केंद्राचे असतात. ज्याची खावी पोळी त्याची वाजवावी टाळी, हा न्याय येथें लागू पडतो. २०१५-१६ पासून बहुतेक मुख्य योजनांत केंद्राचे ६० व राज्याचे ४०, आणि ईशान्येकडील व हिमालयांतील राज्यांत ९० व १०, असें प्रमाण ठरलें. वरवर पाहतां हें न्याय्य दिसतें. परंतु ज्या राज्याची तिजोरी रिकामी त्याला आपले ४० उभे करतां येत नाहींत, म्हणून केंद्राचे ६० हि त्याच्या हातीं लागत नाहींत. आडांत नाहीं तर पोहऱ्यांत कोठून येणार? श्रीमंत राज्य आपला भाग घालून पूर्ण रक्कम उचलतें, आणि गरज जेथें सर्वांत मोठी तेथें साहाय्य तोकडें पडतें.

या सर्व तत्त्वांची कसोटी ज्या योजनेंत लागली ती महाराष्ट्रांतच जन्मली. ती म्हणजे रोजगार हमी योजना. मात्र दुष्काळासाठीं कर बसविण्याची कल्पना तिच्याहून जुनी आहे. दख्खनेंत १८७६ ते १८७८ चा भयंकर दुष्काळ पडला, तेव्हां पुढील दुष्काळांची तरतूद म्हणून सरकारनें १८७८ सालीं व्यापारधंद्यांवर परवाना-कर बसविला आणि दुष्काळ-विम्यासाठीं दरसाल दीड कोटि रुपये बाजूला ठेवण्याचें आश्वासन दिलें. लवकरच अफगाण युद्ध उभें राहिलें आणि त्या काळांत ही तरतूद स्थगित झाली. कर चालूच राहिला; ज्यासाठीं तो घेतला तें कार्य मागें पडलें. त्यावर त्या वेळच्या देशी वृत्तपत्रांनीं आणि पुढाऱ्यांनीं कडक टीका केली. विशिष्ट हेतूसाठीं घेतलेला कर कायद्यानें त्या हेतूला बांधलेला नसेल तर काय होतें, याचा हा पहिला धडा होता.

महाराष्ट्रांतील योजनेचे प्रवर्तक विधान परिषदेचे सभापति वि. स. पागे हे होत. १९६५ सालीं सांगली जिल्ह्यांतील तासगांव तालुक्यांत या कल्पनेचा लहानसा प्रयोग झाला. पुढें १९७० ते १९७३ या सालांत राज्यावर लागोपाठ अवर्षणें आलीं. १९७२ चा दुष्काळ म्हणून ज्याची आठवण अजून गांवोगांव निघते तो हाच. मे १९७३ मध्यें दुष्काळी कामांवर सुमारें ५० लक्ष माणसें होतीं. रस्ते, बांधबंदिस्ती, पाझर तलाव, विहिरी यांचीं कामें निघालीं, आणि मोठी मनुष्यहानि टळली. मग प्रश्न असा आला कीं, दुष्काळ जाहीर झाल्यावरच काम कां द्यावें? शेतमजुराच्या घरीं दरवर्षीं मार्गशीर्ष-पौषानंतर काम संपतें तें मृगापर्यंत मिळत नाहीं. त्याला तर दरवर्षींच दुष्काळ. या विचारांतून मागेल त्याला काम हें तत्त्व पुढें आलें. १९७७ सालीं त्याचा कायदा झाला आणि तो २६ जानेवारी १९७९ पासून अमलांत आला. ग्रामीण भागांतील जो प्रौढ मनुष्य अंगमेहनतीचें काम मागेल त्याला तें १५ दिवसांत मिळावें, न मिळाल्यास बेकारी भत्ता मिळावा, असा त्याचा आशय होता. कामावर येणाऱ्यांत जवळजवळ निम्म्या स्त्रिया असत.

परंतु कायद्याच्या शब्दांइकतीच त्याच्या पाठीमागची थैली महत्त्वाची आहे. हमी ही ठराविक रकमेची योजना नसते. ठराविक रकमेच्या योजनेंत पैसे संपले कीं काम संपतें; हमीमध्यें मागणी संपेपर्यंत पैसे पुरवावे लागतात. पाऊस चांगला झाला तर खर्च थोडा, ओढ दिली तर अफाट, आणि तो किती होईल हें अंदाजपत्रक मांडतांना कोणालाच सांगतां येत नाहीं. अशा खर्चासाठीं महाराष्ट्रानें स्वतंत्र निधि उभारला. १९७५ सालीं व्यवसाय कराचा कायदा झाला. त्याच्या जोडीला मोटारवाहनांवर, ऊसखरेदीवर व विक्रीकरावर अधिक आकारणी, बागायत जमिनीवर विशेष सारा, शहरांतील बिगर-राहत्या इमारतींवर कर, असे लहानमोठे कर लावले गेले. या करांतून जेवढें उत्पन्न येईल तेवढीच रक्कम राज्य सरकारनें आपल्या सर्वसाधारण तिजोरींतून घालावी, असें ठरलें.

या सर्वांत व्यवसाय कर हा मुख्य. घटनेच्या कलम २७६ नें त्याला वर्षाला माणशीं २५० रुपयांची मर्यादा घातली होती. १९८८ सालच्या ६० व्या घटनादुरुस्तीनें ती २५०० झाली. महाराष्ट्रांत नोकरी करणाऱ्या श्रोत्यांनीं आपलें पगारपत्रक पाहावें. पगार किमान मर्यादेच्या वर असेल तर अकरा महिने दरमहा २०० आणि फेब्रुवारींत ३०० रुपये कापलेले दिसतील. त्यांची बेरीज बरोबर २५०० होते. या कराचा बराच मोठा भाग मुंबई शहरांतून येई. म्हणजे गिरगांवांतील कारकुनाच्या आणि बेलापुरांतील अभियंत्याच्या पगारांतून कापलेला रुपया बीड किंवा धुळें जिल्ह्यांतील मजुराच्या हजेरीपटावर जाऊन पडे.

शहरानें हा भार कां सोसला? निव्वळ उदारतेनें नव्हे. गांवांत काम मिळालें तर माणसांचे लोंढे शहराच्या पदपथांवर येणार नाहींत, हा शहराचा हिशेब होता. कामांतून होणारे बांध, तलाव व रस्ते यांचा लाभ जमीनवाल्यांना होई, म्हणून ग्रामीण पुढाऱ्यांचाहि पाठिंबा मिळाला. मजूर, जमीनवाला व नागर करदाता या तिघांच्या हिताचा मेळ ज्या व्यवस्थेंत बसतो ती टिकते. आणखी एक गोष्ट येथें लक्षांत घ्यावी. केंद्राच्या करांतून महाराष्ट्राला कमी कां आणि बिहाराला अधिक कां, असा प्रश्न येथें अनेकदां विचारला जातो. मुंबईच्या करांतून मराठवाड्याचीं कामें काढतांना महाराष्ट्रानें जें तत्त्व मान्य केलें, तेंच तत्त्व तेथें देशाच्या मापानें लावलेलें आहे. वांट्याच्या प्रमाणाविषयीं वाद अवश्य घालावा. तत्त्व मात्र घरांत एक आणि घराबाहेर दुसरें असूं नये.

या योजनेचे दोषहि तितक्याच स्पष्टपणें सांगितले पाहिजेत. १९८८ सालीं मजुरीचे दर सुमारें दुप्पट झाले. मजुरी वाढल्यावर कामाची मागणी वाढावयास हवी होती. प्रत्यक्षांत कामावरची हजेरी घटली. अर्थशास्त्रज्ञांनीं याचा अभ्यास केला तेव्हां दिसून आलें कीं, खर्च आंवरण्यासाठीं कामेंच कमी काढलीं जात होतीं. कायद्यांत हमी तशीच होती, पण काम मागणारा दारांतूनच परत जाऊं लागला. पुढील काळांत मजुरांची संख्या उतरली, कर मात्र गोळा होतच राहिला. निधींत राज्याचा वांटा पुरता व वेळेवर जमा होत नाहीं, शिल्लक पुष्कळशी कागदावरच आहे, अशी टीका वरचेवर होत गेली. १८७८ चा धडा शंभर वर्षांनींहि पुरता गिरवला गेला नव्हता, असेंच म्हणावें लागेल.

तथापि महाराष्ट्राचा हा प्रयोग देशाला मार्गदर्शक ठरला, आणि संघराज्याचा एक मोठा गुण येथें दिसून येतो. एक राज्य प्रयोग करतें, त्याचें गुणदोष इतर पाहतात, आणि मग तो देशभर नेतां येतो. तामिळनाडूनें १९८२ सालीं मोठ्या प्रमाणावर चालविलेली शाळकरी मुलांच्या भोजनाची योजना अशीच पुढें देशाची झाली. २००५ सालीं संसदेनें राष्ट्रीय ग्रामीण रोजगार हमी कायदा केला. २ फेब्रुवारी २००६ पासून २०० जिल्ह्यांत आणि १ एप्रिल २००८ पासून देशांतील सर्व ग्रामीण जिल्ह्यांत तो लागू झाला. २००९ सालीं त्याला महात्मा गांधींचें नांव देण्यांत आलें. दर कुटुंबाला वर्षांत १०० दिवसांचें काम, ही त्याची हमी. महाराष्ट्रानें आपला जुना कायदा चालू ठेवला. पहिल्या १०० दिवसांचा खर्च केंद्राच्या व्यवस्थेंतून आणि त्यापुढील दिवसांचा राज्याच्या निधींतून, अशी सांगड घातली.

२००५ च्या कायद्यांतील खर्चाची वांटणी मोठ्या विचारानें केलेली होती. अकुशल मजुरीचा सर्व खर्च केंद्रानें द्यावा. सामानाच्या खर्चापैकीं तीन हिस्से केंद्रानें व एक हिस्सा राज्यानें द्यावा. मात्र १५ दिवसांत काम न दिल्यास जो बेकारी भत्ता द्यावा लागे तो राज्यानें एकट्यानें सोसावा. यांतील मर्म असें: काम दिलें तर राज्याला खर्च फार थोडा, न दिलें तर सर्व भत्ता अंगावर. म्हणजे काम देण्यांतच राज्याचें हित. शिवाय दुष्काळ एका राज्यांत पडतो तेव्हां त्या राज्याचें उत्पन्न घटतें आणि खर्च वाढतो. केंद्राची तिजोरी मात्र सर्व देशाच्या पावसावर उभी असते. एका प्रांताची आपत्ति सर्वांनीं थोडी थोडी वांटून घेणें, हा विम्याचाच एक प्रकार होय.

तरीहि या व्यवस्थेंत उणिवा राहिल्याच. केंद्राची रक्कम अंदाजपत्रकांत अपुरी धरली गेली कीं वर्षाच्या उत्तरार्धांत मजुरी थकत असे. बेकारी भत्ता राज्यानें द्यावयाचा असल्यामुळें कामाची मागणी कागदावर नोंदवून घेण्याचीच टाळाटाळ होई. बिहारसारख्या गरीब राज्यांत काम हवें असूनहि न मिळालेल्यांचें प्रमाण मोठें होतें, कारण योजना राबविणारी यंत्रणाच तेथें दुबळी होती. मार्च २०२२ मध्यें केंद्रानें नियमभंगाच्या कारणावरून पश्चिम बंगालचा या योजनेचा निधि थांबविला. गैरव्यवहारास आळा घालणें हें केंद्राचें कर्तव्य आहे, असें केंद्राचें म्हणणें होतें. कांहींच्या अपराधासाठीं सर्व मजुरांचें काम बंद पडूं नये, असें दुसऱ्या बाजूचें म्हणणें होतें. जून २०२५ मध्यें कलकत्ता उच्च न्यायालयानें योजना पुन्हां सुरू करण्याचा आदेश दिला. दोन सरकारांच्या वादांत मधली तीन वर्षें ज्यांचीं गेलीं ते मजूर अपराधी नव्हते.

डिसेंबर २०२५ मध्यें संसदेनें २००५ च्या कायद्याच्या जागीं विकसित भारत रोजगार व आजीविका हमीचा नवा कायदा संमत केला. त्यांत दिवसांची हमी १०० वरून १२५ केली आहे. परंतु खर्चाची वांटणी पालटली आहे. सर्वसाधारण राज्यांसाठीं केंद्राचे ६० व राज्याचे ४०, आणि ईशान्येकडील व हिमालयांतील राज्यांसाठीं ९० व १०, असें प्रमाण ठरविलें आहे. प्रत्येक राज्याला किती रक्कम मिळावी हें केंद्र आधीं ठरवील आणि तिच्यावरचा खर्च राज्यानें सोसावा, अशीहि तरतूद आहे. पेरणी-कापणीच्या दिवसांत एकूण ६० दिवसांपर्यंत कामें बंद ठेवण्याची सोयहि केली आहे. या बदलाच्या बाजूनें असें सांगितलें जातें कीं, राज्याचा स्वतःचा पैसा गुंतला म्हणजे तें खर्चावर डोळ्यांत तेल घालून लक्ष ठेवील, आणि केंद्राचें अंदाजपत्रक निश्चित राहील. हें म्हणणें अगदींच निराधार नाहीं. परक्याच्या पैशाची उधळपट्टी लवकर होते. परंतु दुसरी बाजूहि तितकीच खरी आहे. पूर्वीं काम देणें राज्याला स्वस्त आणि न देणें महाग होतें. नव्या व्यवस्थेंत काम दिलेल्या प्रत्येक दिवसाच्या खर्चापैकीं शेंकडा ४० भाग सर्वसाधारण राज्याच्या तिजोरीवर पडतो. शिवाय दुष्काळाच्या वर्षीं, म्हणजे उत्पन्न खालावलेलें असतांनाच, ठरलेल्या रकमेबाहेरचा सर्व भार त्याच राज्यावर पडण्याचा संभव आहे. दिवस वाढले ही गोष्ट खरी; ते दिवस प्रत्यक्षांत मिळतील कीं नाहीं, हें राज्याच्या थैलीवर ठरेल.

वांटा टक्क्यांत ठरविला कीं रुपयांत, यानेंहि मोठा फरक पडतो. वृद्धांच्या निवृत्तिवेतनाचें उदाहरण पाहा. १९९५ सालीं केंद्रानें राष्ट्रीय सामाजिक साहाय्य कार्यक्रम सुरू केला, तेव्हां गरीब वृद्धासाठीं केंद्राचा हिस्सा दरमहा ७५ रुपये होता. २००६ सालीं तो २०० झाला. पुढें ८० वर्षांवरील वृद्धांसाठीं ५०० केला गेला, पण ६० ते ७९ वयाच्या वृद्धांसाठीं २०० चे २०० च राहिले. २००६ सालीं २०० रुपयांत जितकें धान्य येई तितकें आतां येत नाहीं, हें कोणाहि गृहिणीला विचारावें. ही तूट भरून काढण्यासाठीं राज्यांनीं आपापली भर घातली. महाराष्ट्रांत श्रावणबाळ सेवा राज्य निवृत्तिवेतन योजनेंत २०२३ सालीं एकूण रक्कम १५०० रुपये करण्यांत आली. त्यांतील फार मोठा हिस्सा राज्याचाच. ज्या राज्याला अशी भर घालणें परवडत नाहीं तेथील वृद्धाला तेवढेंच कमी मिळतें. दोघेहि एकाच देशाचे नागरिक आणि दोघांचें दारिद्र्य सारखेंच; परंतु ते निरनिराळ्या राज्यांत जन्मले, एवढ्यानेंच त्यांच्या भाकरींत फरक पडतो.

मग सर्वच केंद्रानें करावें काय? १८३३ नंतरचा अनुभव याला नाहीं म्हणतो. सर्व पैसा एका ठिकाणीं जमला कीं काटकसर संपते आणि ओरड वाढते; तासगांवासारख्या एका तालुक्यांत नवा प्रयोग करण्यास वाव राहत नाहीं. मग सर्व राज्यांवर सोपवावें काय? तेंहि शक्य नाहीं. जेथें गरज अधिक तेथेंच पैसा थोडा. म्हणून मार्ग मधलाच आहे. ज्या हक्काची हमी संसद देते त्याचा मूळ खर्च केंद्रानें उचलावा, आणि तो ठराविक रुपयांत न बांधतां गरजेबरोबर व महागाईबरोबर वाढूं द्यावा. काम कोणतें काढावें, कोठें काढावें, हें राज्यानें व ग्रामपंचायतीनें ठरवावें. राज्याचा वांटा ठेवावयाचाच तर तो त्या राज्याच्या ऐपतीप्रमाणें ठेवावा. बिहार आणि महाराष्ट्र यांना एकच माप लावूं नये. विशिष्ट कार्यासाठीं घेतलेला कर त्याच कार्याला लागतो कीं नाहीं, याचा हिशेब दरवर्षीं लोकांपुढें मांडावा. आणि दोन सरकारांत वाद झाला तर निवाडा होईपर्यंत मजुराचा रोज थांबूं नये, अशी तरतूद कायद्यांतच असावी.

व्यवहारांत हमी देणाऱ्याला जामीन म्हणतात, आणि जामिनाची किंमत त्याच्या शब्दांवरून ठरत नाहीं, वेळ आल्यावर तो पैसे भरतो कीं नाहीं यावरून ठरते. सरकारची हमीहि याच मापानें मोजली पाहिजे. म्हणून एखादा नवा कायदा किंवा नवी योजना वृत्तपत्रांत वाचतांना लाभाचा आंकडा आधीं डोळ्यांत भरतो, तो भरूं द्यावा. पण तेथेंच न थांबतां खर्चाचीं कलमेंहि नजरेखालून घालावीं. कोण देणार, कशांतून देणार आणि कमी पडल्यास कोण भरणार, हें ज्या कायद्यांत स्पष्ट लिहिलेलें आहे त्या कायद्यावर गरिबानें भरंवसा ठेवावा. जेथें तें लिहिलेलें नाहीं तेथें तें लिहून घेणें, हें मत देणाऱ्या व कर भरणाऱ्या नागरिकाचें काम आहे.